पुलावरचा रियाज : सनी रॉलिन्स, १९५९ ते १९६१

१९५९ चा उन्हाळा सरता सरता जॅझवादक सनी रॉलिन्सनं कार्यक्रम घेणं थांबवलं. टेनर सॅक्सोफोन वाजवणाऱ्यांत त्या घडीला न्यूयॉर्कमध्ये त्याच्याइतकी चलती फार थोड्यांची होती. वय तिशीच्या आत, कामाला तोटा नाही. आजारपण नव्हतं, अटक नव्हती, कुणाशी भांडणही नव्हतं. पुढची दोन वर्षं त्यानं एकही रेकॉर्ड काढली नाही. मॅनहॅटन आणि ब्रुकलिन जोडणाऱ्या विल्यम्सबर्ग पुलावर तो दिवसचे दिवस उभ्यानं वाजवत राहिला आणि नोव्हेंबर १९६१ मध्ये परतला.

ही हकीकत सांगताना हमखास पूल, चांदणं आणि एकटा कलावंत असं चित्र रंगवलं जातं. चाळीस दिवसांचा चिल्ला, म्हणजे एकांतातला अखंड रियाज, धरण्याच्या गोष्टी ऐकून आपले कान तयार असतात, त्यामुळे ते चित्र आपल्याला जरा जास्तच लवकर पटतं. प्रकरण मुळात बरंच व्यवहारी आहे. वाद्य मोठ्यानं वाजतं, इमारतीच्या भिंती पातळ आहेत आणि शेजारची बाई गरोदर आहे. इथून सुरुवात केली तर पुढचं सगळं नीट लागत जातं.

तोवरचा हिशेब

वॉल्टर थिओडोर रॉलिन्स ७ सप्टेंबर १९३० रोजी न्यूयॉर्कच्या हार्लेम वस्तीत जन्मला. आईवडील कॅरिबियनमधल्या व्हर्जिन बेटांकडचे. आधी आल्टो सॅक्सोफोन, मग सोळाव्या वर्षाच्या सुमारास टेनर, कारण कोलमन हॉकिन्स टेनर वाजवायचा आणि तोही हार्लेममध्येच राहायचा. जॅकी मॅक्लीन, केनी ड्रू, आर्ट टेलर ही पुढे नाव काढणारी मंडळी त्याच वस्तीतली, शाळकरी वयातले सवंगडी. १९४९ मध्ये, अठराव्या वर्षी, त्यानं बड पॉवेलसारख्या पियानिस्टबरोबर रेकॉर्डिंग केलं होतं.

मग हेरॉइन. १९५० मध्ये सशस्त्र लुटीच्या गुन्ह्यात अटक आणि रायकर्स आयलंडच्या तुरुंगात दहा महिने, पुढे पॅरोलच्या अटी मोडल्यामुळे पुन्हा आत. १९५५ मध्ये तो आपण होऊन केंटकीतल्या लेक्सिंग्टनच्या सरकारी व्यसनमुक्ती रुग्णालयात दाखल झाला आणि सुटल्यावर शिकागोला राहून मोलमजुरी केली. जॅझच्या क्लबात पाऊल टाकलं की ओळखीचा विक्रेता उभाच, म्हणून काही काळ तो तिकडे फिरकलाच नाही. वाजवणं सोडून दूर जायचं आणि धडधाकट होऊन परत यायचं हा धडा त्यानं पुलाच्या चार वर्षं आधीच गिरवला होता. पुलाबद्दल लिहिणारे बरेच जण ही गोष्ट विसरतात.

१९५५ च्या अखेरीला तो ट्रंपेटवादक क्लिफर्ड ब्राउन आणि ड्रमवादक मॅक्स रोच यांच्या बँडमध्ये आला. २२ जून १९५६ रोजी त्याची ‘सॅक्सोफोन कोलोसस’ ही रेकॉर्ड ध्वनिमुद्रित झाली, आणि चारच दिवसांनी, २६ जूनला, मोटार अपघातात ब्राउन आणि त्याच बँडचा पियानिस्ट रिची पॉवेल दोघेही गेले. ब्राउन पंचवीस वर्षांचा होता. व्यसनाच्या वाटेला न जाता उत्तम जॅझ वाजवता येतं याचा रॉलिन्सनं जवळून पाहिलेला दाखला तोच.

त्यानंतरच्या दोन-अडीच वर्षांत स्वतःच्या नावावर डझनाहून अधिक रेकॉर्ड निघाल्या. १९५८ मध्ये गुंथर शुलर या संगीतकारानं ‘ब्लू सेव्हन’ या रॉलिन्सच्या वादनाचं पानंच्या पानं विश्लेषण केलं: एक छोटा विषय घेऊन तो सोलोभर कसा उलगडत नेला आहे, कुठे मोडला आहे, कुठे परत जोडला आहे. लेख कौतुकाचाच होता. पण तो वाचल्यावर वाजवताना आपलं आपल्यालाच अवघडल्यासारखं व्हायला लागलं, असं रॉलिन्सनं पुढे सांगितलं आहे. चालताना कुणी ‘तुम्ही डावा पाय किती छान टाकता’ म्हणावं आणि त्या पावलापासून ठेचकाळायला लागावं, तसलाच प्रकार.

पियानो काढल्यावर

मार्च १९५७ मध्ये ‘वे आउट वेस्ट’ या रेकॉर्डमध्ये रॉलिन्सनं पियानो काढूनच टाकला. फक्त सॅक्सोफोन, बास आणि ड्रम. नोव्हेंबरात व्हिलेज व्हॅनगार्ड क्लबमध्येही याच वाद्यांचं त्रिकूट, आणि १९५८ मधली ‘फ्रीडम सूट’ची जवळपास एकोणीस मिनिटांची मुख्य रचनाही तशीच.

चौघांच्या बँडमध्ये पियानिस्ट कॉर्ड, म्हणजे एकाच वेळी वाजणाऱ्या सुरांचे गुच्छ, मांडत असतो. सॅक्सोफोनवाला दोन मात्रा थांबला तरी खाली गालिचा अंथरलेला असतो. पियानो गेला की बास पायाचा सूर देतो, ड्रम चाल देतो, आणि कॉर्डचा रंग दाखवणारे मधले सूर एकट्या सॅक्सोफोननंच सुचवायचे असतात. पेटी काढून घेतलेल्या गवयासारखी अवस्था. मोकळीक भरपूर, पण थांबलात की ती पोकळी तुमचीच आणि चुकलात तर झाकायला कुणी नाही.

अशा मांडणीत वादकाच्या तीन गोष्टी उघड्या पडतात. वाद्याच्या तळापासून टोकापर्यंत सूर एकाच वजनाचा लागतो का. वीस-वीस मिनिटं श्वास पुरतो का. आणि हार्मनीची, म्हणजे कॉर्डच्या बांधणीची, जाण इतकी पक्की आहे का की ती कुणी न वाजवताही ऐकणाऱ्याला कळावी. रॉलिन्सनं ही मांडणी स्वतःच निवडली आणि तिनंच त्याला त्याच्या उणिवा दाखवल्या, असं आमचं वाचन आहे. त्याचं स्वतःचं म्हणणं साधं होतं: नाव मोठं झालं, लोक अपेक्षेनं येतात आणि आपण त्यांना तेवढं देत नाही. रियाजाबरोबर या काळात त्यानं पियानो आणि संगीतरचनेचा अभ्यास केला, सिगारेट सोडली, व्यायाम सुरू केला आणि वह्या लिहायला घेतल्या. बोटांच्या जागा, ओठांची ठेवण, श्वास, प्रकृतीचे नियम असं सगळं त्या वह्यांत आहे. सॅक्सोफोनचं शिकवणीचं पुस्तक लिहायचं त्याच्या मनात होतं. वैराग्यापेक्षा हे दुरुस्तीचं काम जास्त वाटतं.

या वाद्याला घर का पुरत नाही

रॉलिन्स आणि ल्यूसिल पिअर्सन (त्यांचं लग्न पुढे १९६५ मध्ये झालं) मॅनहॅटनच्या लोअर ईस्ट साइडला, ग्रँड स्ट्रीटवर राहत होते. शेजारी गरोदर बाई, आणि आपल्या आवाजाचा बाळाला त्रास होईल ही रॉलिन्सला लागलेली टोचणी. ‘वाद्याच्या तोंडात बोळा कोंबला असता तर?’ हा प्रश्न सॅक्सोफोनवाल्याला जगभर विचारला जातो, म्हणून उत्तर सविस्तर देतो.

ट्रंपेटचा सगळा आवाज पुढच्या कर्ण्यातूनच बाहेर पडतो. तिथे म्यूट, म्हणजे आवाज दाबणारं बूच, बसवला की आवाज खरोखर कमी होतो. सॅक्सोफोनची नळी शंकूच्या आकाराची आणि तिच्या अंगावर वीसहून जास्त छिद्रं. कुठलाही सूर धरा, बंद छिद्रांच्या खाली जे पहिलं उघडं छिद्र असेल तिथून आणि त्याच्या खालच्या एक-दोन छिद्रांतून बहुतेक आवाज निसटतो. कर्ण्याचा पुरता उपयोग फक्त अगदी तळाच्या दोन-तीन सुरांना. तोंडात टॉवेल कोंबला की मधले सूर जसेच्या तसे ठणठणीत राहतात आणि खालचे तेवढे घुसमटून उतरतात, काही वेळा लागतच नाहीत. म्हणजे शेजाऱ्याचा त्रास कायम आणि वादकाचा कान बिघडलेला. कपाटात कपड्यांत तोंड खुपसून वाजवणं त्यातल्या त्यात बरं, पण दहा मिनिटांत जीव गुदमरतो.

मंद वाजवावं, तर तेही अर्धंच उत्तर. जोरात वाजवलेला टेनर जवळून शंभर डेसिबलच्या आसपास जातो. क्लबात तो जोर लागतोच. त्या जोराला लागणारी पोटाची आणि ओठांची ताकद मंद वाजवून येत नाही. दादर-गिरगावच्या चाळीत वा ठाण्याच्या फ्लॅटमध्ये सॅक्सोफोन शिकणाऱ्याची आजही नेमकी हीच अडचण आहे.

पूल

डिलन्सी स्ट्रीटवर चालता चालता त्याला पुलाच्या पायऱ्या दिसल्या. वर गेला तर चिटपाखरू नाही. विल्यम्सबर्ग पूल १९ डिसेंबर १९०३ रोजी खुला झाला. मधला झुलता गाळा १,६०० फुटांचा. त्यावरून मोटारी जातात, सबवेच्या रेल्वेगाड्या जातात, आणि पायी जाणाऱ्यांसाठी वेगळी वाट आहे. लोखंडी सांगाड्याचा आडोसा धरून उभं राहिलं की गाडीतल्यांना माणूस दिसत नाही. वाजणारा आवाज गाड्यांच्या खडखडाटात विरून जातो. खाली ईस्ट रिव्हरमधून जाणारी बोट भोंगा देई, तेव्हा रॉलिन्स खालच्या सुरात उत्तर देई. कधी सोप्रानो सॅक्सोफोनवाला स्टीव्ह लेसी बरोबर यायचा. ऋतू कुठलाही असो, काही दिवस हा रियाज पंधरा-सोळा तासांपर्यंत जाई, असं तो सांगत असे.

उघड्यावर वाजवण्याचा मुख्य परिणाम असा की आवाज परत येत नाही. खोलीत भिंती, छत, फरशी तुमचा सूर तुमच्याकडे परतवतात आणि तो आहे त्यापेक्षा भरदार वाटतो. न्हाणीघरात सगळेच गवई का होतात त्याचं कारण हेच. उघड्यावर अंतर दुप्पट झालं की आवाज सहा डेसिबलनं उतरतो आणि मदतीला एकही भिंत नाही. सूर पोकळ असेल तर पोकळच ऐकू येतो.

मग गाडीच्या गोंगाटात वादकाला स्वतःचं ऐकू येतं कसं? वरचे दात माउथपीसवर, म्हणजे वाद्याच्या तोंडात धरायच्या भागावर, टेकलेले असतात. माउथपीसला बांधलेल्या रीडची, म्हणजे वेताच्या पातळ पट्टीची, थरथर दातांतून कवटीत आणि तिथून आतल्या कानाला पोचते. हवेतून येणारा आवाज बुडाला तरी हाडांतून येणारा शाबूत राहतो. मात्र त्यात रीडची खरखर जास्त आणि बाहेर जाणाऱ्या सुराची गोलाई कमी. निव्वळ त्यावर विसंबणारा वादक आपला सूर कर्कश आहे असं समजून नको तिथे दाबत बसतो.

उघड्यावरच्या रियाजात तीन गोष्टी हटकून बिघडतात.

पहिली, चावणं. आवाज पुरत नाही असं वाटलं की माणूस पोटातून हवा वाढवण्याऐवजी खालच्या जबड्यानं रीड दाबतो. सूर चढतो, बारीक होतो, आणि संध्याकाळी खालच्या ओठाच्या आतल्या बाजूला दातांचे वळ दिसतात. वळ दिसले तर त्या दिवशी थांबायचं.

दुसरी, थंडी. न्यूयॉर्कचा हिवाळा शून्याखाली जातो. थंड हवेत ध्वनीचा वेग घटतो, म्हणून वाद्य उतरतं: दर अंशाला सुमारे तीन सेंट (अर्धा स्वर म्हणजे शंभर सेंट). अख्खी नळी वीस अंशांनी गार झाली तर साठेक सेंटचा फरक पडेल. प्रत्यक्षात श्वासानं गळ्याकडचा भाग गरम राहतो, त्यामुळे उतार कमी पण असमान: आखूड नळीचे वरचे सूर जवळपास जागेवर, लांब नळीचे खालचे सूर उतरलेले. यावर ओठ आवळणं हा उपाय नव्हे. पाच मिनिटं बोटं सगळी बंद ठेवून नुसती गरम हवा सोडायची, आणि तरी उतरलेलं असेल तर माउथपीस गळ्याच्या टोकावरच्या कॉर्कवर दोन-तीन मिलिमीटर आत सरकवायचा. घरी आल्यावर तो पुन्हा बाहेर काढायला विसरायचं नाही.

तिसरी, रीड. बोरूच्या जातीच्या गवती वेताची ती पातळ पट्टी ओली असेल तरच नीट थरथरते. वाऱ्यात तिचं टोक मिनिटाभरात सुकतं, कडा लाटांसारख्या वाकतात आणि सुरात फुसफुस येते. तीन-चार रीड आलटून पालटून वापरायच्या, न वाजवताना माउथपीसवर टोपी घालायची. नळीत साचलेलं पाणी कापड ओढून टिपायचं, नाहीतर छिद्रं झाकणारे चामड्याचे पॅड आधी फुगतात, मग कडक होतात, छिद्रं पुरती बंद होत नाहीत आणि सगळ्यात आधी खालचे सूर जातात. दमट मुंबईत पॅड चिकटण्याचा त्रास याहून मोठा आहे, तो विषय निराळा.

अशा जागी काय वाजवावं? आपल्याकडच्या खर्जाच्या रियाजाला तिकडे तोड आहे. मिनिटाला साठ मात्रांच्या लयीत एक सूर बारा ते सोळा मात्रा: हलका सुरू, मध्यावर भरलेला, शेवटी पुन्हा हलका, आणि या चढउतारात सूर जराही हलता कामा नये. त्यानंतर त्याहून अवघड काम. टेनरचा सर्वांत खालचा सूर धरायचा, सगळी छिद्रं बंद. तो ऐकू येतो तो साधारण १०४ हर्ट्झ. बोटं तिळभर न हलवता, केवळ घशाची पोकळी आणि जिभेची उंची बदलून त्याच नळीतून वरचे सूर काढायचे. तळाच्या सुराला सा धरला तर क्रम येतो सा, वरचा सा, प, त्याच्या वरचा सा, ग, प. सुरुवातीला वरचा सा आणि प सुटतात, ग अडून बसतो. ओठ आवळून काढला तर तो किंकाळतो. घशातून काढता आला तर वाद्याच्या प्रत्येक सुराला वजन येतं. रोज वीस मिनिटांपेक्षा जास्त करू नये. ओठाभोवतीचे स्नायू दुखावले तर आठवडा जातो.

परत येणं

१९६१ च्या उन्हाळ्यात राल्फ बर्टन नावाच्या लेखकानं ‘मेट्रोनोम’ मासिकात पुलावरच्या वादकावर लिहिलं. वादकाचं आणि पुलाचंही नाव त्यानं बदललं होतं, तरी जाणकारांनी ओळखायचं ते ओळखलं. नोव्हेंबरात रॉलिन्स ‘जॅझ गॅलरी’ या क्लबात उभा राहिला. आरसीए व्हिक्टर या रेकॉर्ड कंपनीशी करार झाला, जानेवारी-फेब्रुवारी १९६२ मध्ये ‘द ब्रिज’ ध्वनिमुद्रित झाली. पियानो नाहीच, गिटारवर जिम हॉल, बासवर बॉब क्रॅनशॉ, बहुतेक रचनांना ड्रमवर बेन रायली. हॉल कॉर्ड पातळ, मोकळे टाकायचा: साथ आहे, पण जागा अडत नाही.

पुष्कळांची निराशा झाली. रॉलिन्स गेला तेव्हाच जॅझमध्ये उलथापालथ चालू होती. माइल्स डेव्हिसची ‘काइंड ऑफ ब्लू’ आणि जॉन कोलट्रेनची ‘जायंट स्टेप्स’ या दोन्ही १९५९ मध्ये मुद्रित झालेल्या, आणि त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात सॅक्सोफोनवादक ऑर्नेट कोलमननं ‘फाइव्ह स्पॉट’ क्लबात वाजवून सगळ्यांची झोप उडवली. दोन वर्षं पुलावर घालवलेला माणूस याहून काही नवंच घेऊन येईल अशी अटकळ होती. त्यानं आणली जुनीच गाणी: ‘विदाउट अ साँग’, ‘गॉड ब्लेस द चाइल्ड’.

टीकाकारांनी शोधलं ते शैलीत. फरक पडला होता तो सुरात आणि आवाक्यात. ‘गॉड ब्लेस द चाइल्ड’मध्ये तळाचे सूर हळू लावलेले ऐका. टेनरवर खालचा सूर जोरात काढणं सोपं, हळू काढणं कठीण. कच्च्या हातात तो फुटून एकदम वरच्या सप्तकात उडी मारतो. इथे तो धुरासारखा निघतो. आणि ‘द ब्रिज’ या शीर्षकरचनेत भन्नाट लयीत पळताना वाक्य कुठे दम लागून तुटत नाही. ज्या उणिवा भरायला तो गेला होता त्या भरल्या गेल्या. कोलट्रेन किंवा कोलमन व्हायला तो गेला नव्हता.

किंमत मात्र मोजावी लागली. दोन वर्षं कार्यक्रमांची कमाई नाही, घर ल्यूसिलच्या नोकरीवर. नव्या प्रवाहाचा पुढारी होण्याची वेळही गेली. जुलै १९६२ मध्येच कोलमनच्या बँडमधले डॉन चेरी आणि बिली हिगिन्स यांना घेऊन त्यानं व्हिलेज गेट क्लबमध्ये वाजवलं. वर्षभरानं ज्याच्यामुळे टेनर धरला त्या हॉकिन्सबरोबर रेकॉर्ड केली. दोन्ही ठिकाणी बुजल्यासारखा कुठेच वाटत नाही, हॉकिन्ससमोर तर मुद्दाम वाकडं वाजवतो.

पवई

साठच्या दशकाच्या अखेरीला त्यानं पुन्हा विराम घेतला, आणि त्याच काळात तो मुंबईत आला. पवईच्या आश्रमात काही महिने योग आणि वेदान्ताचा अभ्यास केला. एका जागी बसून ध्यान लागत नाही अशी तक्रार त्यानं तिथल्या स्वामींकडे केली. वाद्य वाजवतोस तेच तुझं ध्यान, असं उत्तर मिळाल्याचं तो सांगतो. पूल सोडून सहा-सात वर्षं झाली होती, त्यामुळे त्याला हे नवीन वाटलं असेल असं नाही. १९७२ च्या सुमारास तो परतला. ल्यूसिल हळूहळू त्याचा व्यवहार बघू लागली आणि क्लबांची रात्रपाळी कमी होऊन मोठ्या सभागृहांचे कार्यक्रम वाढले. १९७८ मध्ये मुंबईला पहिली जॅझ यात्रा भरली, तेव्हा आलेल्या पाहुण्यांत रॉलिन्स होता.

पुलावरच्या सवयीचा सरळ पुरावा हवा असेल तर १९८५ कडे जावं. न्यूयॉर्कच्या म्यूझियम ऑफ मॉडर्न आर्टच्या बागेत, उघड्यावर, साथीला कुणीही न घेता त्यानं सुमारे तासभर वाजवलं. बालगीतांचे तुकडे, जुन्या नाटकांतली गाणी, मध्येच सरावाचे पलटे. रेकॉर्ड म्हणून ती विस्कळीत आहे. रियाज कसा ऐकू येतो हे मात्र तिच्याइतकं दुसरीकडे कळत नाही.

फुप्फुसाच्या आजारानं, पल्मनरी फायब्रोसिसनं, २०१२ नंतर जाहीर वादन थांबलं आणि २०१४ पासून वाद्यच खाली ठेवावं लागलं. २०१७ मध्ये त्याची कागदपत्रं हार्लेममधल्या शोम्बर्ग सेंटर या संशोधन ग्रंथालयाकडे गेली. पुलाच्या दिवसांत धरलेल्या वह्याही त्यांत आहेत; शिकवणीचं ते पुस्तक काही पुरं झालं नाही.